नळापाशी भरलेलं मंडळ

परवा एक गृहस्थ घरी आले. कुठल्याशा स्मरणिकेचं काम त्यांच्याकडे होतं. म्हणाले, "बाई, तुमच्या त्या घाटकोपरच्या लेखक मंडळावर दोन पानं द्या. त्या काळातला भाषिक सलोखा, असा विषय ठेवलाय." मी त्यांना चहा दिला आणि सांगितलं, सलोखा पाहिजे असेल तर दुसरं दार वाजवा. आमच्या मंडळात तो औषधालासुद्धा नव्हता. मराठी, गुजराती, सिंधी, कानडी आणि कोंकणी लिहिणारी माणसं महिन्यातून एकदा एका खोलीत जमायची ती भांडायला. भांडून झालं की उरलेलं भांडण पुढच्या महिन्यावर टाकून घरी जायची. गृहस्थ हसले. त्यांना वाटलं, म्हातारी गंमत करतेय. मला राग आला. म्हणून हे लिहायला बसले आहे, आणि त्यांच्या स्मरणिकेला ते देणार नाही.

मंडळाचा जन्म छापखान्यातल्या एका घोळातून झाला. मी तेव्हा म्युनिसिपालिटीच्या शाळेत मास्तरीण होते आणि सुट्टीच्या दिवशी गोष्टी लिहायची. आमच्या भागातल्या गणेशोत्सवाच्या अंकात माझी पहिली गोष्ट छापून आली. चाळीतल्या बायकांनी कौतुकानं अंक उघडला आणि दुपारपर्यंत एकेक करून सगळ्या तो परत घेऊन आल्या. गोष्ट मधल्या पानापर्यंत मराठीत होती. पान उलटलं की पुढचं सगळं गुजरातीत. शेजारणीनं मला दारात गाठून विचारलं, "काय गं, अर्ध्यावर तुझं मराठी संपलं काय?"

मी तशीच तणतणत स्टेशनजवळच्या छापखान्यात गेले. त्या छापखान्यात नागरी आणि गुजराती, दोन्ही लिप्यांचे छपाईचे खिळे होते, त्यामुळे दोन्ही भाषांचं काम तिथं चालायचं. एका अंकाची छापलेली पानं दुसऱ्या अंकात शिवली गेली होती. मी पोचले तर आधीच एक बाई तिथं उभी राहून गुजरातीतून मालकाची हजेरी घेत होती. तिच्या हातात तिच्या समाजाच्या मासिकाचा अंक होता आणि त्यातल्या तिच्या गोष्टीच्या पोटात माझी गोष्ट घुसली होती. ती वळली आणि आम्ही दोघींनी एकमेकींना ओळखलं. ती आमच्या नळावरची बाई होती. आमच्या चाळीला आणि शेजारच्या चाळीला मिळून अंगणात एक नळ होता. तिथं ती रोज सकाळी पितळेची घागर घेऊन यायची, माझ्या आईच्या पुढं किंवा मागं उभी राहायची. नवरा एका कापडाच्या दुकानात गुमास्ता. या बाईला लिहिता येतं हे मला ठाऊक नव्हतं, आणि मला येतं हे तिला.

"तू लखे छे?" तिनं विचारलं.

"तुम्हीपण?" मी म्हटलं.

छापखान्याच्या बाकावर बसून तिनं मला माझ्या अंकात शिरलेलं तिचं पान वाचून दाखवलं आणि मी तिला तिच्यातलं माझं. पान संपलं की पुढं काय झालं ते तोंडी सांगायचं. मला तिचं निम्मंअधिक कळत होतं, तिला माझं त्याहून जास्त. मालकाला शिव्या घालायच्या राहूनच गेल्या. त्या दिवसापासून मी तिला बेन म्हणायला लागले.

प्रुफं तपासायला येणारी आणखी माणसं त्या बाकावर बसायची. मुलुंडच्या निर्वासित छावणीतून एक सिंधी कवी यायचे. एक कानडी हॉटेलमालक एकांकिका लिहायचे. अंधेरीचे एक पेद्रूबाब चर्चच्या पत्रकात कोंकणी लिहायचे. आणि आमच्या भागातले एक निवृत्त हेडमास्तर होते, शुद्ध मराठीतले ललित निबंध लिहिणारे. खुर्चीवर कसं बसायचं ते फक्त त्यांना ठाऊक होतं, म्हणून ते अध्यक्ष झाले. मंडळाला एक लांबलचक नावही ठेवलं होतं. ते कुठल्या भाषेत लिहायचं यावर एकमत न झाल्यामुळे पाटी कधी रंगलीच नाही. सगळे नुसतं 'मंडळ' म्हणायचे.

नियम मात्र होता, आणि एकच होता. तो बाकावरूनच आला. ज्यानं लिहिलं त्यानं आपल्या भाषेत वाचायचं. मग दुसऱ्या भाषेच्या माणसानं उठून तेच आपल्या भाषेत सांगायचं, तेही लिहिणाऱ्याच्या जागी उभं राहून, 'मी' म्हणून. 'हे असं म्हणतात' असं म्हणायचं नाही. आधी लिखाण दाखवायचं नाही. सांगणारा चुकला तर चर्चा व्हायची ती लिहिणाऱ्याच्या चुकीची. तुझं असं कसं लिहिलंय की या माणसाला कळलं नाही? हेडमास्तरांना हा नियम अगदी असह्य व्हायचा. त्यांच्या निबंधातली चांदण्यांची दोन पानं कानडी हॉटेलवाल्यांनी एकदा "रात्र होती, मला झोप येत नव्हती," एवढ्यात आटोपली होती.

माझं बेन सांगायच्या आणि बेनचं मी. आमची जोडी जमली होती. माझं त्या सांगायच्या तेव्हा मी त्यांचं गुजराती नीट ऐकतच नसे, ऐकणाऱ्यांची तोंडं बघत असे. मग एकदा भाजीबाजारात एका अनोळखी गुजराती बाईनं माझा हात धरला. म्हणाली, "तमारी वार्ता बहु सरस. तो मुलगा शेवटी आईकडे परत आला ना, मी तर रडलीच!" मी तिथंच मेथीची जुडी खाली ठेवली. माझ्या गोष्टीत मुलगा परत येतच नव्हता. गिरणीतल्या एका विधवेची ती गोष्ट होती. तिचा मुलगा घर सोडून जातो आणि शेवटी ती आतून कडी घालून घेते, एवढंच.

तशीच बेनच्या दारात जाऊन उभी राहिले. त्या थेपले लाटत होत्या.

"बेन, तुम्ही माझ्या गोष्टीत मुलगा परत आणलात?"

"आणला," त्या म्हणाल्या. लाटणं थांबलं नाही. "तू नाही आणत. दर वेळी सगळ्यांना घराबाहेर काढते. मंडळात माझ्या सासूच्या मैत्रिणी येतात. त्यांना घरी जाऊन जेवण करायचं असतं."

"मग आजवरच्या सगळ्या गोष्टी?"

"जिथं लई वाईट होतं तिथं थोडा गूळ घातला."

तोंडाला आलं ते मी बोलले. त्यांना चोर म्हटलं. माझं दुःख माझं आहे, त्यात तुमचा गूळ कशाला, असं ओरडले. त्यांच्या सासूबाई आतून बघायला आल्या. बेननं शेवटी लाटणं ठेवलं, हात पुसले आणि म्हणाल्या, "ठीक छे. आजपासून एक शब्द ओछो नहीं, एक शब्द वधारे नहीं, कमी नाही की जास्त नाही. पण मग तूपण. माझं वाईट असेल तर वाईटच सांगायचं. भिऊन गोड करायचं नाही." मी म्हटलं, कबूल. मी कशाला भिणार होते? मला तेव्हा माहीतच नव्हतं की बेनला वाईट लिहिता येतं.

मुंबई महाराष्ट्राला द्यायची नाही, वेगळी ठेवायची, असं जाहीर झालं तो हिवाळा. ज्यांनी तो पाहिला त्यांना मी काय सांगणार, आणि ज्यांनी पाहिला नाही त्यांना सांगून कळणार नाही. मी मोर्च्यांना जात होते, घोषणा देत होते. मुंबई आमची आहे असं मला तेव्हा वाटत होतं, आजही वाटतं, त्याबद्दल कुणाची क्षमा मागायची मला गरज दिसत नाही. माझा धाकटा भाऊ फोर्टातल्या एका मोर्च्यातून डोकं फोडून घेऊन परत आला. पोलिसांची लाठी कानाच्या वर बसली होती. आई त्याच्या उशाशी बसून राहिली. ती मालवणची, वडील गेल्यावर पापड लाटून आम्हाला वाढवलेली. तिला राजकारण कळत नव्हतं. पोराचं डोकं कळत होतं.

रस्त्यात दुकानांच्या काचा फुटल्या. आमच्या भागात गुजराती म्हणजे शेठ आणि मराठी म्हणजे गुंड, एवढ्या दोनच जाती उरल्या. गुमास्त्याची बायको कुठल्या खणात टाकायची ते कुणालाच ठाऊक नव्हतं, पण टाकली मात्र शेठांच्याच.

मंडळ ज्या शाळेच्या वर्गात भरायचं ती गुजराती शाळा होती. तिच्या ट्रस्टींनी निरोप पाठवला की गुजराती लेखकांची सभा असेल तर वर्ग उघडा आहे, इतरांनी आपली सोय बघावी. आम्ही जवळच्या मराठी वाचनालयाकडे गेलो. त्यांनी खुर्च्यासुद्धा देऊ केल्या, फक्त सभा मराठी हवी. हेडमास्तरांनी आम्हाला आपल्या घरी बोलावलं आणि म्हणाले, "मला वाटतं, काही काळापुरते आपण दोन भाग करू. वातावरण निवळलं की पुन्हा एकत्र येता येईल."

"सर, घटस्फोट काही काळापुरता घेतात का?" मी विचारलं.

"तुझी जीभ फार तिखट आहे. उद्या कुणी दगड मारला तर?"

"तर लागेल. पण बेनना बाहेर काढून मी मराठीच्या खुर्चीवर बसणार नाही. आणि त्यांनी मला बाहेर काढलेलंही मी ऐकून घेणार नाही. खोली नको तुमची, आणि त्यांची नको. आमचं अंगण आहे."

हे मी बोलून बसले आणि मग आमच्या लक्षात आलं की ते खरंच आहे. अंगण कुणा ट्रस्टीचं नव्हतं. दोन चाळींच्या मधली ती जागा होती, नळापाशी. दुपारी नळाला पाणी नसतं. त्या वेळी तिथं नुसता ओला दगड आणि चार कावळे असायचे. सिंधी कवी म्हणाले, "आम्ही तर घरंच उघड्यावर टाकून आलोय. सभा उघड्यावर भरायला काय हरकत?" येत्या रविवारी दुपारी, असं ठरलं. वाचणार बेन. सांगणार मी. मंडळ तिथं उधळलं गेलं असतं तर ते पुन्हा कधी भरलं नसतं हे आम्हा सगळ्यांना कळत होतं. आणि बेनना तर त्याच अंगणात रोज पाण्याला यायचं होतं.

घरी सांगितलं तेव्हा भाऊ उठून बसला. पट्टी निघाली होती, पण कानावरचे केस अजून आले नव्हते.

"वेडी झालीस काय तू? आमची डोकी फुटली आणि तू त्यांच्या गोष्टी ऐकवतेस आम्हालाच?"

"त्यांच्या नाही रे. बेनच्या."

"एकच ते! माझे मित्र येणार सांगून ठेवतो. ती उभी राहिली ना, की सभेची वाट लागली समज."

"ये की. सगळ्यांना घेऊन ये. आम्हाला ऐकणारे कमीच पडतात."

आई चुलीपाशी होती. ती काही बोलली नाही. ते मला खटकलं, कारण तिची आणि बेनची जुनी ओळख होती आणि आई गप्प बसणाऱ्यांतली नव्हती. मी विचारलं, "तू येशील ना?" ती म्हणाली, "अंगण माझा आसा. येतलंय तर." म्हणजे, येणार.

रविवारी अंगण भरलं. शाळेच्या वर्गात कधी आली नव्हती एवढी माणसं आली, आणि त्यातली बरीचशी साहित्यासाठी आली नव्हती हे उघड होतं. एका बाजूला भाऊ आणि त्याचे मित्र बाह्या सारून उभे. दुसऱ्या बाजूला दुकानांतली गुजराती पोरं, तीही तशीच. मधे चाळींच्या बायका. आमचे लोक घरांतून आणलेल्या खुर्च्यांवर बसले, आणि हेडमास्तर जिन्याच्या पहिल्या पायरीवर. आलेही आणि आले नाहीतही. आई दगडाच्या कट्ट्यावर, अगदी नळाला टेकून.

बेन खुर्चीवरून उठल्या. त्यांनी कागद उलगडला. त्यांनी वाचायला सुरुवात केली आणि दुसऱ्याच वाक्याला मला कळलं. गोष्ट नळाची होती. ह्याच नळाची. पुढचं ऐकताना मी मनात शब्द लावत होते आणि एकीकडे आईकडे बघत होते. आईला गुजराती येत नव्हतं. ती आपली बेनच्या तोंडाकडे शांतपणे बघत होती. गुजराती पोरांनी माना हलवल्या. भावाच्या मित्रांना भाजीबाजारापुरतं गुजराती कळायचं, ते कुजबुजायला लागले. बेन वाचून बसल्या आणि त्यांनी माझ्याकडे पाहिलं. डोळ्यांत विनंती वगैरे काही नव्हतं. उलट, आता बघू, असं होतं.

मला चार वाक्यं गाळता आली असती. कुणाला कळलं नसतं. ज्यांना कळलं असतं ते बोलले नसते. घरातही शांतता राहिली असती आणि अंगणातही. मी हे लपवत नाही की उठता उठता मी गूळ शोधत होते. मग मला माझाच राग आला. माझ्या गोष्टीसाठी मी ह्या बाईच्या दारात थयथयाट केला होता, आणि तिची वेळ आली तर मी भिणार? मी बेनच्या जागी जाऊन उभी राहिले आणि 'मी' म्हणून सांगायला लागले.

"मी रोज सकाळी या नळावर घागर लावते. माझ्या पुढं कोण, मागं कोण, ते ठरलेलं आहे. त्या सकाळी मी घागर रांगेत ठेवून बाजूला उभी राहिले. एक हात आला. त्यानं माझी घागर उचलली आणि रांगेबाहेर ठेवली. आपटली नाही, नीट ठेवली. आपटली असती तर मी भांडले असते. तो हात मी ओळखते. माझ्या पहिल्या बाळंतपणात सुईण यायच्या आधी तोच हात माझ्या पाठीवर फिरत होता. मी पाणी न भरता घरी गेले. सासूला सांगितलं, आज नळ आला नाही."

मी आईकडे बघितलं. तिनं मान खाली घातली नव्हती. ती सरळ माझ्याकडे बघत होती. पुढची वाक्यं सगळ्यांत वाईट होती.

"मराठी माणूस मनानं मोठा, असं मी माहेरी सांगत आले. आता सांगणार नाही. या लोकांना मुंबई पाहिजे. मला मुंबई काय ते ठाऊक नाही, मला रांगेतली माझी जागा ठाऊक आहे. ज्यांना एका घागरीला जागा देता येत नाही, त्यांना एवढं मोठं शहर घेऊन काय करायचं आहे?"

"बस कर!" भाऊ ओरडला. त्याचे मित्र पुढं सरकले. "तुला लाज नाही वाटत? स्वतःच्या तोंडानं सांगतेस हे?"

"संपलं नाही अजून. गप उभा राहा," मी म्हटलं. "एकच वाक्य आहे: मी उद्याही घागर घेऊन येणार आहे. आता संपलं."

समोरून गुजराती पोरांतल्या कुणीतरी शिट्टी मारली. कुणी तरी घोषणा दिली, तिला दुसऱ्या बाजूनं उत्तर आलं. कानडी हॉटेलवाले खुर्च्या गोळा करायला उठले, त्यांना भांडणाचा अंदाज फार लवकर यायचा. आणि तेवढ्यात आई कट्ट्यावरून उठली.

मंडळाच्या सभेत ती कधी आली नव्हती, मग बोलण्याचा प्रश्नच नव्हता. तिनं पदर खोचला, नळावर भांडताना खोचायची तसा.

"होय. घागर मीच काढलंय," ती म्हणाली. तिचा आवाज दोन्ही चाळींच्या वरच्या मजल्यापर्यंत जायचा. घोषणा थांबल्या. "लपवतंय कित्याक? मीच काढलंय. माझो झील डोक्याक पट्टी बांधून पडलेलो. सगळ्या चाळीन इचारल्यान. भंगीण इचारून गेली. पाववालो इचारून गेलो. तू नाय इचारलंस. तुझ्या पाठीर मी हात फिरवलंय, ता तुका याद रवला, कागदार लिवलंस. माझो झील जगता की मरता, ता नाय इचारलंस. नळार इलंस, घागर लावलंस आणि भिंतीकडे तोंड करून उभी रवलंस. म्हणान काढलंय. परत तशी उभी रवलंस तर परत काढतलंय."

मग ती माझ्याकडे वळली. "आता ह्या तेंच्या भाषेत सांगूक होया. तुमचो नियम काय तो. माझा कोण सांगतला?"

मी बेनकडे पाहिलं. नियमाप्रमाणे ते काम बेनचं होतं. दुसऱ्या कुणा गुजरातीला मालवणी एवढं कळतही नव्हतं. त्या रोज नळावर ते ऐकत आल्या होत्या. हेडमास्तर जिन्यावरून म्हणाले, "राहू द्या, राहू द्या, आता पुरे झालं." त्यांच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही.

बेन उठल्या आणि आईच्या शेजारी, कट्ट्यापाशी जाऊन उभ्या राहिल्या. तिथून त्यांच्यासमोर त्यांचीच रिकामी खुर्ची होती. त्या खुर्चीकडे बघून त्या बोलायला लागल्या, गुजरातीत, 'मी' म्हणून. हो, घागर मीच काढली. लपवू कशाला. माझा मुलगा डोक्याला पट्टी बांधून पडला होता. भंगीण विचारून गेली, पाववाला विचारून गेला. दुकानांतली पोरं ऐकत होती, त्यांच्या आया ऐकत होत्या, सासूबाई वरच्या गॅलरीतून ऐकत होत्या. बेननं काही सोडलं नाही. त्यांनी हातही आईसारखाच कमरेवर ठेवला होता. त्या खुर्चीकडे बोट करून म्हणाल्या, "तें पूछ्युं नहीं." तू विचारलं नाहीस. तिथं त्यांचा आवाज फुटला. त्या थांबल्या आणि तेच वाक्य पुन्हा, नीट, मोठ्यानं म्हणाल्या. मग पुढचं, भिंतीकडे तोंड केल्याचं. मग शेवटचं, परत तशी उभी राहिलीस तर परत काढीन.

मी आईला हळूच विचारलं, "कळलं तुला?"

"गुजराती माका कळना नाय," आई म्हणाली. "पण सगळा सांगल्यान. माझ्यासारखी भांडत होती ती."

बेन खुर्चीवर परत गेल्या नाहीत. तशाच वळल्या आणि गर्दीतून भावाच्या समोर जाऊन उभ्या राहिल्या. त्याचे मित्र बाजूला झाले, का ते त्यांनाही कळलं नसावं.

"डोकं कसं आहे रे तुझं?" त्यांनी मराठीत विचारलं.

"आता इचारून काय?" आई मागून म्हणाली. "उशीर झालो."

"हां, उशीर झाला," बेन मागं न बघता म्हणाल्या. "तरी विचारते."

भाऊ सभा उधळायला आला होता. त्याच्या बाह्या अजून वर सारलेल्या होत्या. त्यानं मित्रांकडे पाहिलं, आईकडे पाहिलं. मग कानाच्या वर, जिथं केस आले नव्हते तिथं हात नेला आणि म्हणाला, "थंडीत दुखतं."